चार देशांची विमानं एका आकाशात, मग ऑर्डर नक्की कोणाची? (नाटोची एअर कमांड सेंटर्स)

आकाशवेडा_सांगली:

नमस्कार मंडळी, बरेच दिवस एक प्रश्न डोक्यात घोळतोय म्हणून धागा काढतोय. सप्टेंबर २०२५ मध्ये रशियाचे ड्रोन पोलंडमध्ये घुसले होते ना, ९ आणि १० तारखेच्या मधली रात्र, त्या बातम्या परत वाचत बसलो होतो. त्यात लिहिलंय की ड्रोन पाडायला नेदरलँड्सची एफ-३५ होती, पोलंडची स्वतःची एफ-१६ होती, इटलीचं टेहळणी विमान वर घिरट्या घालत होतं आणि जमिनीवर जर्मनीची पेट्रियट (विमानविरोधी क्षेपणास्त्रं). म्हणजे चार देश, आकाश एकच आणि वेळ मध्यरात्रीची. आमच्याकडे विसर्जनाला दोन मंडळं एका चौकात समोरासमोर आली तर आधी कोण पुढे जाणार यावर तासभर जातो, इथे तर ताशी हजार किलोमीटरने जाणारी विमानं आहेत आणि पायलट एकमेकांना ओळखतसुद्धा नाहीत.

तर मला विचारायचंय की हे सगळं एका जागेवरून कोण चालवतं? डच पायलटला जर्मन ऑफिसर "जा, पाड" म्हणू शकतो का? आणि पायलटचा देश नको म्हणाला तर? बाबांचं म्हणणं की अमेरिका सांगते आणि बाकीचे माना डोलावतात, पण मला ते इतकं सोपं वाटत नाही. नीट माहिती असलेल्यांनी सविस्तर लिहा प्लीज, लांब असलं तरी मी सगळं वाचणार आहे.

राइनकाठी:

मी गेली अकरा वर्षं जर्मनीत क्लेव्ह भागात राहतो, डच बॉर्डर अगदी शेजारी. तुम्ही ज्या जागेबद्दल विचारताय ती आमच्या घरापासून सायकलवर जाण्याएवढ्या अंतरावर आहे, गावाचं नाव युडेम. बाहेरून बघाल तर विश्वास बसणार नाही, मक्याची आणि बीटची शेतं, गाई, मग झाडीतली एक टेकडी, कुंपण आणि एक गेट, बस. रविवारी लोक कुंपणाजवळून कुत्री फिरवत जातात. (शेजारच्या काल्कारला एक अणुभट्टी बांधून पूर्ण झाली पण कधी सुरूच झाली नाही, तिथे आता लहान मुलांचा अम्युझमेंट पार्क आहे, आमची मुलगी तिथल्या पाळण्यात बसते. या भागाचं हे असंच आहे.)

तर युडेमला नाटोचं कंबाइंड एअर ऑपरेशन्स सेंटर आहे, सगळे सीएओसी म्हणतात. ढोबळमानाने आल्प्स पर्वत ही सीमा धरा, त्याच्या उत्तरेचं आकाश युडेम बघतं आणि दक्षिणेचं स्पेनमधलं तोरेहोन. ऑक्टोबर २०२५ मध्ये तिसरं सेंटर नॉर्वेत बोडोला सुरू झालं, डोंगराच्या पोटात, कारण २०२३ ला फिनलंड आणि २०२४ ला स्वीडन नाटोत आल्यावर उत्तरेचं आकाश एकदम केवढं तरी वाढलं. या सगळ्यांच्या वरचं मुख्यालय रामस्टाइनला.

आता रोजचं काम कसं चालतं ते सांगतो, म्हणजे तुमचा प्रश्न सुटेल. लिथुआनिया, लॅटव्हिया, एस्टोनिया या तिघांकडे स्वतःचं एकही लढाऊ विमान नाही. २००४ पासून बाकीचे देश आळीपाळीने आपली विमानं तिथे नेऊन ठेवतात, लिथुआनियात शौलायला आणि २०१४ पासून एस्टोनियात अमारीलापण. समजा बाल्टिक समुद्रावर एक विमान दिसलं, ट्रान्सपाँडर (विमानाची ओळख सांगणारं यंत्र) बंद, फ्लाइट प्लॅन नाही, रेडिओवर उत्तर नाही. रडारवाले ते कळवतात, युडेमच्या हॉलमध्ये ड्युटीवरचा ऑफिसर ठरवतो आणि स्क्रॅम्बलची म्हणजे ताबडतोब उडायची ऑर्डर सुटते, विमानं १५ मिनिटांत वर गेलीच पाहिजेत असा हिशेब. तो ऑफिसर बेल्जियमचा असेल, पायलट इटलीचा, विमानाला दिशा सांगणारा कंट्रोलर लिथुआनियाचा. १९ सप्टेंबर २०२५ ला रशियाची तीन मिग-३१ एस्टोनियाच्या हद्दीत १२ मिनिटं होती तेव्हा अमारीवरून उठलेली एफ-३५ इटलीची होती.

पण नीट बघा, हे झालं "उठा, जा, बघून या". गोळी घालायची वेळ आली की गोष्ट बदलते. शांततेच्या काळात एखादं प्रवासी विमान हायजॅक झालं तर ते पाडायचं की नाही हे सीएओसी ठरवत नाही, ज्या देशाचं आकाश त्या देशाचं सरकार ठरवतं. जर्मनीत तर २००६ ला इथल्या घटना न्यायालयाने निरपराध प्रवासी असलेलं विमान पाडायची परवानगी देणारं कायद्यातलं कलमच रद्द केलं. म्हणून त्याच युडेमच्या आवारात जर्मनीचं स्वतःचं वेगळं केंद्र आहे, तिथे एअरफोर्स, पोलीस आणि नागरी विमानवाहतूकवाले एकत्र बसतात. तुमच्या बाबांना हे जरूर सांगा, एका कुंपणाच्या आत दोन वेगवेगळे अधिकार आहेत.

जुना_सार्जंट:

वरचा प्रतिसाद उत्तम. मी एअरफोर्समधून सार्जंट म्हणून रिटायर झालो, बरीच वर्षं रडारवर म्हणजे सिग्नल युनिटला होतो. नाटोत नव्हतो, पण ऑप्स रूम (जिथून आकाशावर लक्ष ठेवतात ती खोली) ही चीज काय असते ते सांगू शकतो.

आमच्या वेळी मोठा पर्स्पेक्सचा बोर्ड असायचा, आरपार दिसणारा. आम्ही त्याच्या मागे उभे, कानाला हेडसेट, हातात चायनाग्राफ पेन्सिल. कानात आकडे पडायचे आणि आम्ही ते उलटे लिहायचो, म्हणजे पुढून बघणाऱ्या ऑफिसरला सुलटे दिसावेत. चार आणि सात उलटे काढायला हात बसेपर्यंत महिना गेला. दर मिनिटाला ट्रॅक पुढे सरकवायचा, जुना पुसायचा, बोटं काळी झालेली असायची. आता आपल्याकडे आयएसीसीएस ही कॉम्प्युटर यंत्रणा आहे, सरकारी कंपनी बीईएलनी केलेली, सगळं स्क्रीनवर आपोआप येतं, पण मूळ काम तेच आहे की आकाशात आत्ता कोण कोण आहे आणि त्यातलं आपलं कोण.

आपल्याकडे प्रत्येक विमानाला एअर डिफेन्स क्लिअरन्सचा नंबर लागतो, एडीसी नंबर. तो नसेल तर तुम्ही अननोन. एका रात्री एका विमानाचा नंबर आमच्यापर्यंत पोचलाच नाही, लाइनवर नुसती खरखर, मी बोर्डावर अननोनची खूण केली आणि पलीकडे ओआरपीवर (धावपट्टीजवळची सज्ज विमानांची जागा) दोन फायटर इंजिन चालू करून उभी राहिली. मग फोन आला, नंबर मिळाला, खूण पुसली. चार मिनिटांचा खेळ असेल पण आजही ती खरखर आठवली की पोटात गोळा येतो. ही एका देशातली, एका भाषेतली, एका युनिफॉर्ममधली गोष्ट. आता यात दहा देश घाला.

म्हणूनच अशा सेंटरमधनं रोज एक कागद निघतो, एअर टास्किंग ऑर्डर, एटीओ. चोवीस तासांचं सगळं त्यात असतं, कुठलं विमान, कुठल्या वेळी, कुठल्या उंचीवर, हवेत इंधन देणारा टँकर कुठे भेटणार, रेडिओची फ्रिक्वेन्सी कुठली, ओळखीचा कोड कुठला. हा कागद बनायला साधारण तीन दिवस लागतात, म्हणजे हॉलमध्ये एका वेळी आजची ऑर्डर उडत असते, उद्याची तपासली जात असते आणि परवाची बनत असते. १९९१ च्या आखाती युद्धात रियाधहून अमेरिकन हवाई कमांडर जनरल हॉर्नर यांचं मुख्यालय ती काढायचं, शेकडो पानांची, आणि अमेरिकन नेव्हीच्या जहाजांवर ती घेणारी यंत्रणाच नव्हती म्हणून छापील प्रती रोज विमानाने जहाजांवर पाठवायला लागायच्या. युद्ध अत्याधुनिक आणि ऑर्डर टपालासारखी!

आणि कागदावर नसलं की काय होतं ते १४ एप्रिल १९९४ ला दिसलं. उत्तर इराक, नो फ्लाय झोन, अमेरिका ब्रिटन फ्रान्स तुर्कस्तान मिळून चालवत होते, तुर्कस्तानातल्या इंजिर्लिक तळावरून. अमेरिकेच्याच दोन एफ-१५ नी अमेरिकेचीच दोन ब्लॅक हॉक हेलिकॉप्टरं पाडली. आत ब्रिटिश, फ्रेंच, तुर्की अधिकारी होते, कुर्द होते, २६ माणसं गेली. फायटरच्या कागदाप्रमाणे त्या दिवशी झोनमध्ये त्यांच्या आधी कोणी असणारच नव्हतं, हेलिकॉप्टरांच्या फेऱ्या एटीओत धडपणे धरलेल्याच नव्हत्या. झोनच्या आत ओळखीचा कोड वेगळा होता ते हेलिकॉप्टरवाल्यांना कोणी सांगितलं नाही. रेडिओ वेगवेगळ्या फ्रिक्वेन्सीवर. वर अवॅक्स (मोठं रडार घेऊन हवेतून लक्ष ठेवणारं) विमान होतं, त्यातल्या लोकांशी दोघंही बोलत होते आणि तरीही कोणी मध्ये पडून थांबा म्हणालं नाही. पायलटनी जवळ जाऊन डोळ्यांनी बघितलं आणि त्यांना ती इराककडची रशियन बनावटीची हाइंड हेलिकॉप्टरं वाटली. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक मिटून गच्चीत जाऊन बसलो होतो. बोर्डावर एक खूण कमी, एवढंच झालं होतं हो.

सह्याद्री_७७:

सगळं छान लिहिलंय पण मी या धाग्याच्या मालकाच्या बाबांच्या बाजूने आहे. १९९९ चं कोसोवो बघा, नाटोचं युगोस्लाव्हियावर ७८ दिवस बॉम्बिंग, इटलीत विचेन्झाच्या सीएओसीमधून, एकोणीस देशांची आघाडी. पण एटीओ एक नव्हतीच, दोन होत्या! एक नाटोची, सगळ्यांना दिसणारी आणि दुसरी फक्त अमेरिकेची, ज्यात स्टेल्थ एफ-११७, बी-२ वगैरे. शेजारच्या टेबलवर बसलेल्या मित्रदेशाच्या ऑफिसरला त्यातलं काही कळायचं नाही, आकाशात आज अजून कोण आहे हेपण पूर्ण कळायचं नाही. ७ मे ला बेलग्रेडमधल्या चिनी दूतावासावर बॉम्ब पडले, तीन चिनी माणसं मेली, ते बी-२ चं काम आणि ते टार्गेट सीआयएनं सुचवलेलं, पत्ता चुकीचा काढलेला. बाकीच्या देशांनी ते टार्गेट बघितलं असतं तर कोणीतरी म्हणालं असतं की अहो ही तर एम्बसी आहे, तिथे आम्ही जेवायला जातो. भागीदारी म्हणायची आणि अर्धी वही लपवून ठेवायची, हे मला पटत नाही.

राइनकाठी:

@सह्याद्री_७७ दोन एटीओचं तुम्ही अगदी बरोबर बोललात, त्या युद्धानंतर त्याच्यावर अमेरिकेतल्या लोकांनीसुद्धा टीका केली. पण त्याच युद्धात दुसरी बाजूपण होती, फ्रान्सने बेलग्रेडच्या पुलांसारखी टार्गेटं अडवून धरली आणि नाटोचा एअर कमांडर जनरल शॉर्ट, तो अमेरिकन, त्याचा पार जळफळाट व्हायचा. म्हणजे अमेरिका म्हणेल ते सगळं झालं असंही नाही.

मूळ प्रश्नाचं उत्तर इथेच आहे बघा. देश आपली विमानं अशा सेंटरच्या ताब्यात देतात तेव्हा सगळा हक्क देत नाहीत. घर भाड्याने देण्यासारखं आहे, राहा, वापरा, पण भिंत पाडायची तर मालकाला विचारा. पूर्ण कमांड कायम आपापल्या देशाकडेच राहते. हॉलमध्ये प्रत्येक देशाचा एक माणूस असतो, त्याला रेड कार्ड होल्डर म्हणतात. टार्गेट पुढे आलं, आपल्या देशाच्या कायद्यात किंवा धोरणात बसत नाही असं वाटलं की तो म्हणतो आमचं विमान जाणार नाही. मग वाद घालत बसत नाहीत, ते काम दुसऱ्या देशाच्या विमानाला देतात.

२०११ चं लिबिया याचं सगळ्यात चांगलं उदाहरण आहे. कमांडर कॅनडाचे जनरल बुशार, नेपल्सला, आणि विमानांचं रोजचं काम इटलीतल्या पोज्जो रेनातिकोमधून. सात महिन्यांत साधारण २६,५०० सॉर्टी (विमानांच्या फेऱ्या). पण डच एफ-१६ हवेत पहारा देणार, जमिनीवर बॉम्ब टाकणार नाहीत. जर्मनीने तर या कामातून अंगच काढून घेतलं, अवॅक्समधली आपली माणसंसुद्धा मागे घेतली. स्वीडन तेव्हा नाटोत नव्हतं तरी आपली ग्रिपेन लढाऊ विमानं घेऊन आलं, मुख्यतः फोटो काढायला. आणि त्यांची गंमत बघा, इटलीतल्या सिगोनेला तळावर उतरले तर तिथे अमेरिकन नेव्हीचं इंधन, ते ग्रिपेनला चालेना. शिवाय नाटोच्या गुप्त नेटवर्कवर स्वीडनला सुरुवातीला प्रवेश नाही, म्हणजे काढलेले फोटो द्यायचे कसे हाच प्रश्न. प्लॅनिंग करणाऱ्याला रोज सकाळी हे सगळं लक्षात ठेवून विमानं वाटायची असतात, कोण काय करू शकतं याच्या आधी कोण काय करणार नाही ते बघायचं.

मृण्मयी_पुणे:

राइनकाठी दादा, देशांच्या नकाराबद्दल तुम्ही लिहिलंत पण त्याहून वाईट एक व्यवस्था होऊन गेलीय, ती इथे यायलाच हवी. युगोस्लाव्हिया फुटल्यावरचं बोस्नियातलं युद्ध. १९९३ पासून विचेन्झाचं सेंटर तिथलं आकाश बघत होतं, पण बॉम्ब टाकायचा तर दोन चाव्या लागायच्या, एक नाटोची आणि एक संयुक्त राष्ट्रांची. बँकेच्या लॉकरसारखं, एकाने फिरवून उपयोग नाही. आणि युनोची चावी कितीतरी हातांतून फिरून यायची.

११ जुलै १९९५, स्रेब्रेनित्सा. शहराचं रक्षण करायला डच शांतिसैनिक होते, मोजके. पहाटेपासून नाटोची विमानं हवेत होती, विनंती मंजूर व्हायची वाट बघत. मंजुरी येईना. इंधन संपत आलं तशी ती इटलीला परत गेली. दुपारी पुन्हा विमानं आली, दोन डच एफ-१६ नी बॉम्ब टाकले, तोवर शहर बोस्नियन सर्ब सैन्याच्या हातात गेल्यात जमा होतं. त्यानंतरच्या काही दिवसांत तिथल्या आठ हजारांच्या आसपास मुसलमान पुरुषांना आणि मुलांना मारून टाकलं. मी एमएला असताना यावर पेपर लिहिलाय आणि आजही ती सकाळ माझ्या डोळ्यांसमोर येते, विमानं वर आहेत, पायलट तयार आहेत, खाली माणसं वर बघतायत आणि कागद कुठेतरी टेबलावर.

त्याच महिन्यात युनोची चावी तिथल्या लष्करी कमांडरच्या हातात दिली. २८ ऑगस्टला सारायेवोच्या बाजारात तोफगोळे पडले आणि दोनच दिवसांत बॉम्बिंग सुरू झालं, २० सप्टेंबरपर्यंत. ३,५१५ सॉर्टी, १,०२६ बॉम्ब. तेव्हा विचेन्झात नाटोचे अमेरिकन हवाई कमांडर जनरल रायन बसायचे आणि प्रत्येक बॉम्ब कुठे पडणार ती जागा ते स्वतः तपासायचे, खालच्यांवर सोडायचे नाहीत, कारण एक बॉम्ब चुकून शाळेवर पडला असता तर आघाडी त्याच दिवशी मोडली असती. विमानं तीच, सेंटर तेच, फक्त चाव्यांची व्यवस्था बदलली.

आकाशवेडा_सांगली:

मृण्मयी ताई, वाचून सुन्न झालो. सगळे प्रतिसाद बाबांना मोठ्याने वाचून दाखवले, ते बराच वेळ गप्प होते, मग म्हणाले अमेरिकेचं वजन आहेच, पण दोन चाव्यांचं मला माहीत नव्हतं. त्यांनीच पुढचा प्रश्न दिलाय, भारत कधी अशा कुठल्या सेंटरच्या खाली लढलाय का? की आपण कायम एकटेच?

जुना_सार्जंट:

स्वतंत्र झाल्यापासून लष्करी आघाडीच्या सेंटरखाली तरी नाही, आपण कुठल्या लष्करी आघाडीत नाहीच आणि माझ्या मते ते योग्य आहे. सराव मात्र भरपूर. २०२४ ला तरंग शक्ती झाला, आधी तामिळनाडूत सुलूरला आणि मग जोधपूरला, जर्मनी, फ्रान्स, स्पेन, ब्रिटन, पुढच्या टप्प्यात ऑस्ट्रेलिया, ग्रीस, अमेरिका वगैरे. तिथे आपल्या कंट्रोलरचा आवाज परदेशी पायलटच्या कानात गेला, ही साधी गोष्ट नाही. पण सराव संपला की सगळे आपापल्या घरी.

पलटणीचा_नातू:

मी बेळगावचा, आजोबा मराठा पलटणीत होते. सार्जंट साहेबांना जोडून लिहितो, स्वातंत्र्याच्या आधीची गोष्ट आहे आणि ती आपल्या माणसांची आहे.

डिसेंबर १९४३ मध्ये माउंटबॅटन (तेव्हा आग्नेय आशियातले दोस्तांचे सरसेनापती) यांनी ब्रह्मदेशाच्या आघाडीवरची ब्रिटिश आणि अमेरिकन विमानदलं एकत्र करून ईस्टर्न एअर कमांड बनवली, मुख्यालय पुढे कलकत्त्याच्या भागात, प्रमुख अमेरिकन जनरल स्ट्रॅटमायर. या एकत्रीकरणाला स्वतः स्ट्रॅटमायर यांचाच विरोध होता, माउंटबॅटननी ऐकलं नाही. त्याच साखळीत खाली इंफाळला आपली एक नंबरची स्क्वाड्रन हरिकेन विमानं उडवत होती, लीडर अर्जन सिंग, जे पुढे मार्शल ऑफ द इंडियन एअरफोर्स झाले. म्हणजे भारतीय पायलट, ब्रिटिश ग्रुप, त्याच्यावर अमेरिकन जनरल, त्याच्यावर परत ब्रिटिश. युडेमची आजी म्हणा हवं तर.

मार्च १९४४ ला जपानी इंफाळवर आले तेव्हा याचा खरा कस लागला. ब्रह्मदेशच्या किनाऱ्यावरच्या आराकानमधून अख्खी पाचवी भारतीय डिव्हिजन विमानाने उचलून आणायची होती, तोफा, खेचरं सगळ्यासकट, आणि वाहतुकीची विमानं पुरेनात. चीनला हिमालयावरून रसद नेणारी अमेरिकन विमानं होती पण ती द्यायचा अधिकार वॉशिंग्टनचा. माउंटबॅटननी वाट न बघता त्यातली २० सी-४६ घेतली. इथेही दोन चाव्याच होत्या, फक्त एकाने दुसरीची वाट बघितली नाही.

पण सगळं काही जुळलं नाही. २२ ते २६ मार्च, शांगशाकची टेकडी, ५० वी पॅराशूट ब्रिगेड आणि तिच्याबरोबर आपली चौथी बटालियन, पाचवी मराठा. वेढा पडलेला, टेकडीवर पाणी नाही, खंदक खणायचा तर खाली कातळ. विमानं रोज यायची, रसद टाकायची, पण जागा इतकी चिंचोळी की पॅराशूटं बाहेर जपान्यांकडे जाऊन पडायची. पाणी, दारूगोळा, औषधं समोर उतरताना दिसतायत आणि हाताला लागत नाहीत. २६ च्या रात्री माघारीचा हुकूम आला. त्या चार-पाच दिवसांनी जपान्यांचा तिथे खोळंबा केला आणि कोहिमा, इंफाळला तयारीला वेळ मिळाला.

आजोबा त्या बटालियनमध्ये नव्हते, पण त्यांचे गाववाले होते. म्हातारपणी अंगणात बसलेले असताना विमानाचा आवाज आला की ते मान वर करायचे आणि ते पार दिसेनासं होईपर्यंत बघत राहायचे, आम्ही पोरं हाका मारायचो तरी मान खाली यायची नाही. शांगशाक आज मणिपूरमध्ये आहे. कोणी त्या बाजूला गेलं तर टेकडीवर नक्की जा, कड्यावर उभं राहिलं की ती जागा किती चिंचोळी आहे ते लगेच कळतं.